ना फ्रीज, ना हिमालय: मातीच्या थाळ्यांत बर्फ करणारे अलाहाबादचे खरेखुरे 'जादूगार'

'फ्रोझन' म्हटलं की आपल्याला एल्सा आठवते. पण २०१३ सालचा हा सिनेमा सुरू होतो तो एल्सापासून नाही. तो सुरू होतो बर्फवाल्यांपासून.

गोठलेलं तळं. त्यावर धिप्पाड गडी एका तालात गाणं म्हणत करवतीने बर्फ कापतायत, चिमट्यांनी लाद्या वर ओढतायत, घसरगाडीवर रचतायत. त्यांच्या पायात लुडबुड करणारा एक छोटा पोरगा आहे, क्रिस्टॉफ. सोबत त्याचं रेनडिअरचं पिल्लू, स्वेन. मोठा झाल्यावर हाच क्रिस्टॉफ बर्फ विकून पोट भरतो आणि एल्साने ऐन उन्हाळ्यात राज्य गोठवल्यावर सगळ्यात आधी धंदा बसतो तो त्याचाच. सगळीकडे फुकटात बर्फ पडलेला असताना विकत कोण घेणार?

अ‍ॅनिमे बघणाऱ्यांना दुसरं नाव आठवेल. 'फेअरी टेल'मधला ग्रे फुलबस्टर. जादूगारांच्या गिल्डमधला हा पोरगा तळहातावर मूठ टेकवतो आणि बर्फापासून ढाल, तलवार, भाला, वाट्टेल ते घडवतो.

म्हणजे गोष्टींमधले बर्फवाले दोन जातीचे असतात. एक, निसर्गाने केलेला बर्फ कापून आणणारे. दोन, जिथे बर्फ नाही तिथे तो निर्माण करणारे. पहिली जात खरी होती, हे पटायला जड जात नाही. पण दुसरी जातसुद्धा खरी होती. आणि ती नॉर्वेत किंवा अलास्कात नव्हती, गंगेच्या काठावर होती. अलाहाबाद, बनारस, हुगळी या भागात. जिथे तळी कधीच गोठत नाहीत, तिथे.

आधी एक प्रश्न: उष्णता जाते कुठे?

जादूच्या गोष्टीत एक गोष्ट सोयीस्करपणे लपवलेली असते. पाणी गोठवायचं म्हणजे त्यात 'थंडी' भरायची नसते. त्यातली उष्णता बाहेर काढायची असते.

आणि ही उष्णता थोडीथोडकी नसते. शून्य अंशावर असलेल्या एक किलो पाण्याचा शून्य अंशावरचाच बर्फ करायचा, तर जेवढी उष्णता बाहेर काढावी लागते, तेवढ्या उष्णतेत एक किलो गारेगार पाणी जवळपास ८० अंशांपर्यंत तापेल. तापमान एका अंशानेही न उतरता एवढी उष्णता बाहेर पडते, म्हणून तिला सुप्त उष्णता म्हणतात. शाळेत वाचलेलं असतं, पण तिचा आकडा एवढा मोठा आहे हे तेव्हा जाणवत नाही.

आता एल्साचा तो डोंगरावरचा महाल डोळ्यांसमोर आणा. तेवढा बर्फ तयार होताना निघालेली उष्णता गेली कुठे? खरं तर शेजारच्या दरीत वणवा पेटायला हवा होता! आपल्या घरचा फ्रीज हीच उष्णता मागच्या जाळीतून स्वयंपाकघरात सोडतो, म्हणून फ्रीजची मागची बाजू तापते.

हा प्रश्न लक्षात ठेवा. अलाहाबादच्या बर्फवाल्यांनी त्याचं जे उत्तर शोधलं होतं, ते कुठल्याही जादूपेक्षा भारी आहे.

सिनेमातले बर्फवाले खरे होते का?

होते. 'फ्रोझन'मधलं अरेंडेल काल्पनिक असलं तरी ते बेतलंय नॉर्वेवर, आणि नॉर्वे १९ व्या शतकात ब्रिटनला जहाजं भरभरून बर्फ विकत होता.

पद्धत साधारण सिनेमात दाखवलीय तशीच. तळं गोठलं की आधी वरचा भुसभुशीत हिम खरवडून काढायचा, कारण तो गोधडीसारखं काम करतो आणि खालचा बर्फ जाड होऊ देत नाही. मग बर्फावर बुद्धिबळाच्या पटासारख्या रेघा आखायच्या, करवत चालवायची, लाद्या सुट्या करायच्या आणि लांब आकड्यांनी ढकलत काठाला आणायच्या. नॉर्वेत तिथून त्या लाकडी घसरगुंडीवरून थेट खाली खाडीत उभ्या असलेल्या जहाजाकडे सोडल्या जायच्या. हे करणारे बरेचसे शेतकरीच. हिवाळ्यात शेतं बर्फाखाली, मग हा जोडधंदा.

काम जीवघेणं होतं. माणसं पाण्यात पडायची, घोडे पडायचे. अमेरिकेत तर या घोड्यांच्या गळ्यात एक दोर कायम असायचा. घोडा पाण्यात पडला की तो दोर आवळायचा. श्वास कोंडला की छातीतली हवा आतच राहते, घोडा तरंगतो, मग त्याला बाहेर ओढायचं. ऐकायला क्रूर वाटतं, पण घोडा वाचायचा.

ब्रँडिंगचा खेळ तेव्हाही होता. १८४० च्या दशकात अमेरिकेतल्या वेनहॅम नावाच्या तळ्याचा बर्फ लंडनमध्ये गाजला. कंपनीने स्ट्रँड या रस्त्यावरच्या दुकानाच्या काचेत बर्फाची लादी मांडली होती आणि तिच्यामागे वर्तमानपत्र ठेवलं होतं. बर्फ इतका नितळ की लोक पलीकडची अक्षरं वाचायचे. मग नॉर्वेकरांनी काय करावं? आपल्या ओप्पेगार्ड नावाच्या तळ्याचं नाव बदलून 'वेनहॅम' ठेवलं आणि त्याच नावाने माल विकला. देवगडच्या नावाखाली भलताच आंबा विकण्याचा प्रकार आपल्याला नवा नाही, पण त्यासाठी गावाचंच नाव बदलायचं म्हणजे कमाल आहे.

बोस्टनचा बर्फ मुंबईत

या धंद्याचा मोठा खेळाडू होता फ्रेडरिक ट्यूडर. १७८३ चा जन्म, राहणार बोस्टन. १८०६ मध्ये या माणसाने सुमारे १३० टन बर्फ जहाजात भरून कॅरिबियन समुद्रातल्या मार्टिनिक बेटावर नेला. बोस्टनचे लोक हसले. बर्फ पोहोचला, पण तिथे तो ठेवायला जागाच नव्हती. ट्यूडर बुडाला. पुढे कर्जापायी तुरुंगातही जाऊन आला.

पण गडी चिवट. त्याने दोन गोष्टी पक्क्या केल्या. एक म्हणजे लाकडाचा भुसा. लाकूड कापण्याच्या गिरण्यांमधून जो कचरा फेकून दिला जायचा, तोच बर्फाभोवती भरला की बर्फ महिनोन्‌महिने टिकतो. दुसरी म्हणजे घोड्याने ओढायचा बर्फकापणीचा नांगर. तो त्याचा सहकारी नथॅनियल वायथ याने १८२५ मध्ये आणला. लाद्या एका मापाच्या निघू लागल्या, एकमेकींना घट्ट चिकटून बसू लागल्या आणि मधली हवा गेली.

१२ मे १८३३ ला 'टस्कनी' हे जहाज १८० टन बर्फ घेऊन बोस्टनहून निघालं. चार महिने प्रवास, विषुववृत्त दोनदा ओलांडलं. सप्टेंबरमध्ये ते कलकत्त्याला लागलं तेव्हा सुमारे १०० टन बर्फ शिल्लक होता. बर्फाची रास जेवढी मोठी, तेवढा तिचा उघडा भाग आतल्या मालाच्या मानाने कमी, म्हणून ती हळू वितळते. त्यात आपली ती सुप्त उष्णता. प्रत्येक किलो वितळवायला भरपूर उष्णता आत शिरावी लागते आणि भुसा तिला शिरू देत नाही.

कलकत्त्याचे गोरे साहेब खूश. बर्फावरची जकात माफ झाली, वर्गणी काढून बर्फघर बांधलं गेलं. पुढे मुंबई आणि मद्रासलाही बर्फघरं झाली. मुंबईचं बर्फघर आता नाही. मद्रासचं मात्र अजून उभं आहे. चेन्नईच्या मरीना किनाऱ्यावर जे विवेकानंदर इल्लम आहे, ते म्हणजे जुनं आइस हाउस. १८९७ मध्ये स्वामी विवेकानंद तिथे उतरले होते, म्हणून ते नाव.

मुंबईतला किस्सा सांगितल्याशिवाय पुढे जाता येत नाही. १८३४ मध्ये जमशेटजी जीजीभाईंनी जेवणावळीत पाहुण्यांना आइस्क्रीम खाऊ घातलं. त्यानंतर यजमान आणि पाहुणे दोघांनाही सर्दी झाली, आणि ही बातमी 'मुंबई समाचार'मध्ये छापून आली. 'गार खाऊ नकोस, सर्दी होईल' या वाक्याला जवळपास दोनशे वर्षांची परंपरा आहे ती अशी.

अमेरिकेत हेन्री डेव्हिड थोरो नावाचा लेखक वॉल्डन तळ्याकाठी झोपडी बांधून राहत होता. १८४६-४७ च्या हिवाळ्यात ट्यूडरची माणसं तिथे बर्फ कापायला आली. ते बघताना त्याच्या मनात आलं की आपल्या विहिरीचं पाणी आता कलकत्ता-मद्रासची माणसं पिणार. हा प्रसंग त्याच्या 'वॉल्डन' पुस्तकात आहे आणि तो खूपदा सांगितला जातो.

पण या सगळ्या कौतुकात एक गोष्ट हरवते. 'अमेरिकेने भारताला बर्फ दाखवला' असं जे सोशल मीडियावर फिरतं, ते खरं नाही.

मातीची परळं, उसाचं पाचट आणि पहाटेची धावपळ

हिंदुस्थानात बर्फ होताच. 'ऐन-ए-अकबरी'मध्ये अबुल फजलने अकबराच्या आबदारखान्याची माहिती दिलीय. सोरा पाण्यात विरघळवला की पाणी गार पडतं, त्यात सुरई फिरवून पिण्याचं पाणी थंड केलं जायचं. दरबार लाहोरला असताना डोंगरातून होडीने, गाडीने आणि माणसांच्या डोक्यावरून बर्फ आणला जायचा. हा झाला पहिल्या जातीचा बर्फ, आणलेला.

दुसऱ्या जातीची नीट नोंद मिळते १७७५ मध्ये. सर रॉबर्ट बार्कर हे कंपनीच्या बंगाल फौजेचे सेनापती होते. त्यांनी लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात एक छोटा लेख लिहिला, विषय होता ईस्ट इंडीजमधली बर्फ करण्याची पद्धत. त्यात अलाहाबादच्या बर्फवाल्यांचं काम पायरी-पायरीने दिलंय.

मोकळ्या माळावर तीन-चार चौकोनी खड्डे खणायचे. प्रत्येक खड्डा साधारण ३० फूट लांब, तेवढाच रुंद, पण खोली फक्त दोन फूट. तळाला उसाचं वाळलेलं पाचट किंवा मक्याची वाळकी ताटं पसरायची, आठ इंचांपासून फूटभर जाडीचा थर. त्या थरावर मातीची उथळ परळं ओळीने, एकमेकांना खेटून मांडायची. परळ म्हणजे पसरट थाळीच. ही परळं मुद्दाम सच्छिद्र ठेवलेली, चकाकी न दिलेली. जाडी पाव इंच, खोली सव्वा इंच.

दिवस मावळताना परळांत पाणी भरायचं. तेही आधी उकळून गार केलेलं.

मग रात्र काय करते ते बघायचं. पहाटे, सूर्य वर यायच्या आत, बर्फवाले परत येणार. परळांत बर्फ धरलेला असेल तर तो टोपल्यांत काढून साठवणीच्या खड्ड्याकडे पळायचं. इथे खरंच पळायचंच काम, कारण ऊन आलं की रात्रभराची कमाई पाणी होऊन जाणार. साठवणीचा खड्डा १४-१५ फूट खोल. आतून आधी पेंढा, मग जाडीभरडी घोंगडी लावलेली. त्यात बर्फ ओतायचा आणि धुमसाने ठोकायचा. ठोकून ठोकून त्या पातळ पापुद्र्यांचा एकच ठोकळा व्हायचा. तोंडावर पुन्हा पेंढा, घोंगड्या, आणि वरून गवताचं छप्पर.

हिवाळ्यात असा थेंबे थेंबे साठवलेला बर्फ उन्हाळ्यात काढायचा. मग त्यात मीठ आणि सोरा घालून सरबतं, मलई गोठवली जायची. घरी हाताने फिरवायचा आइस्क्रीमचा पॉट आणि त्यातलं खडे मीठ ज्यांनी बघितलंय, त्यांना हे वेगळं सांगायला नको.

रोज बर्फ मिळेलच याची खात्री नव्हती. वारा सुटला, गेलं. ढग आले, गेलं. काही रात्री परळात नुसतं गार पाणी. तरीही रोज संध्याकाळी ती हजारो परळं भरायची, कारण आज रात्री धरेल की नाही याचा निकाल पहाटेच लागणार. मजुरी करणाऱ्या माणसांना थंडीच्या कडाक्यात, ओल्या हातांनी, अंधारात बर्फ खरवडायचा होता. ज्या सरबतासाठी हे चाललं होतं, त्याचा घोट त्यांच्या वाट्याला येत असेल का, हा प्रश्न हे सगळं वाचताना डोक्यातून जात नाही.

बार्कर यांनी मापं इंचांत दिली, पण बर्फ करणाऱ्या एकाचंही नाव दिलं नाही. म्हणजे ट्यूडरचं चरित्र उपलब्ध आहे, त्याच्या जहाजाच्या तारखा उपलब्ध आहेत. अलाहाबादच्या बर्फवाल्यांची मात्र फक्त परळांची जाडी उपलब्ध आहे.

पण पारा तर शून्याच्या वर होता!

खरी गंमत इथे आहे. बार्कर सांगतात की त्या भागात तळ्यात किंवा साचलेल्या पाण्यात आपोआप झालेला बर्फ त्यांनी कधी बघितला नाही. हवेचं तापमानही गोठणबिंदूपर्यंत उतरलेलं नसायचं. मग परळात बर्फ कसा?

युरोपातल्या विद्वानांना हे कोडंच होतं. पाणी उकळल्यामुळे काही होतं का, हे बघायला स्कॉटलंडमध्ये जोसेफ ब्लॅक यांनी लगेच त्याच वर्षी प्रयोग केले. (सुप्त उष्णता शोधणारे ते हेच.) बहुतेकांचा समज असा की हा माठाचा खेळ असणार. माठातून पाणी झिरपतं, त्याची वाफ होते, वाफ होताना उष्णता जाते आणि पाणी गार पडतं. परळंही सच्छिद्रच की.

हा समज खोडला लंडनमधल्या एका डॉक्टरने. विल्यम चार्ल्स वेल्स यांनी १८१४ मध्ये दवावर एक निबंध लिहिला, त्यात हिंदुस्थानातल्या या बर्फाचाही विचार केलाय. त्यांचा मुद्दा साधा होता. बाष्पीभवनच मुख्य कारण असेल, तर खालचं पाचट ओलं असलेलं चांगलं आणि वारा सुटला तर आणखी चांगलं. पण बर्फवाले नेमकं उलटं करतात. पाचट कोरडं ठणठणीत राहावं म्हणून जपतात. आणि वारा असला की बर्फ धरत नाही. म्हणजे माठाचं तत्त्व इथे फार तर थोडी मदत करतं. मुख्य काम दुसरंच कुणीतरी करतंय.

म्हणजे लंडनच्या डॉक्टरने युक्तिवाद जिंकला तो अलाहाबाद-बनारसच्या मजुरांच्या सवयींवर. त्यांना नेमकं काय जपायचं हे माहीत होतं. 'का' हे त्यांनी लिहून ठेवलं नाही, एवढंच.

मुख्य काम करत होतं आकाश.

प्रत्येक वस्तू सतत अदृश्य उष्ण किरण बाहेर टाकत असते. तुम्ही, तुमची भिंत, परळातलं पाणी, सगळेच. यातले काही किरण हवेतली वाफ आणि ढग अडवतात आणि परत खाली पाठवतात. पण रात्र निरभ्र आणि हवा कोरडी असेल तर वरून परत येणारी उष्णता फार कमी असते. बरेचसे किरण वातावरण पार करून थेट अंतराळात निघून जातात. पाणी देतंय जास्त, घेतंय कमी. अशा वेळी ते आजूबाजूच्या हवेपेक्षाही गार होत जातं.

आता बर्फवाल्यांची एकेक गोष्ट परत बघा. परळ उथळ, म्हणजे पाणी थोडं आणि आकाशाकडे तोंड मोठं. पाचट कोरडं, म्हणजे जमिनीची ऊब वर येत नाही. जागा दोन फूट खोल, म्हणजे वारा वरून निघून जातो आणि गार, जड हवा खाली साचून राहते. माळ मोकळा, म्हणजे झाडं आणि घरं आकाश अडवत नाहीत.

उष्णता जाते कुठे, या आपल्या प्रश्नाचं त्यांचं उत्तर होतं: वर. फ्रीज ती स्वयंपाकघरात टाकतो, हे लोक ती थेट अंतराळात टाकत होते. विजेविना, थर्मामीटरविना.

इराणच्या वाळवंटातल्या यखचालांमध्येही हीच युक्ती वापरली जायची. तिथे उथळ हौद, दिवसा त्यांच्यावर सावली धरणारी उंच भिंत आणि शेजारी बर्फ साठवायला मातीचा प्रचंड घुमट असायचा. कोरडं आकाश दोन्हीकडे सारखंच.

हे महाबळेश्वरला आपण दरवर्षी बघतो

डिसेंबर-जानेवारीत एक बातमी हमखास येते. 'महाबळेश्वरात दवबिंदू गोठले.' सोबत वेण्णा लेक परिसरातले फोटो. गाड्यांच्या टपांवर, स्ट्रॉबेरीच्या पानांवर, गवतावर पांढरा थर. कमेंटमध्ये कुणीतरी हमखास विचारतं की वेधशाळेचं तापमान तर शून्याच्या कितीतरी वर आहे, मग बर्फ कसा? फोटो खोटा आहे का?

फोटो खोटा नसतो. वेधशाळेचा थर्मामीटर जमिनीपासून चारेक फूट उंच, जाळीदार पेटीत ठेवलेला असतो. तो हवेचं तापमान सांगतो. गाडीचा टप मात्र उघड्यावर, आकाशाकडे तोंड करून रात्रभर उष्णता फेकत असतो. पातळ पत्रा, खाली हवा, म्हणजे परळाचीच परिस्थिती. त्यामुळे तो हवेपेक्षा कितीतरी गार होतो. छपराखाली लावलेल्या गाडीवर थर धरत नाही, तो यामुळेच. निफाडच्या द्राक्षबागायतदारांना निरभ्र रात्रीची धास्ती वाटते तीही यामुळेच. ढग असले तर ते जरा निर्धास्त झोपतात.

मुंबईत मात्र परळं मांडून काही होणार नाही. समुद्राची दमट हवा, त्यातली वाफ उष्णता परत खाली पाठवते. म्हणूनच मुंबईकरांना बोस्टनची वाट बघावी लागली.

मग ही कला गेली कुठे?

पहिला दणका ट्यूडरने दिला. हुगळीकडचा परळांतला बर्फ पातळ, भुसभुशीत, त्यात माती-काडीकचरा. तो ग्लासात टाकायचा नाही, बाटलीभोवती रचायचा. त्यापुढे अमेरिकेचा काचेसारखा ठोकळा आला म्हटल्यावर कलकत्त्यात कोण विचारणार? आतल्या भागात, अलाहाबादला, परळं आणखी काही दशकं चालली. तिथे राहिलेल्या फॅनी पार्क्स या बाईंच्या १८५० मधल्या प्रवासवर्णनातही अलाहाबादच्या बर्फाची हकिकत आहे.

मग मशीन आलं. १८७० च्या दशकात मद्रास आणि कलकत्त्यात वाफेच्या यंत्रावर चालणारे बर्फाचे कारखाने निघाले. त्यांनी परळांचाही धंदा संपवला आणि ट्यूडरच्या कंपनीचाही. १८८० च्या दशकात अमेरिकन बर्फ इथे यायचा बंद झाला.

त्या कारखान्यांचा अवतार आजही आपल्याकडे आहे. मिठाच्या अतिथंड पाण्यात पत्र्याचे उभे डबे बुडवायचे, डब्यात गोडं पाणी, आणि लादी तयार. तिच्या मधोमध जो पांढरा पट्टा दिसतो, ती कोंडलेली हवा. पाणी बाहेरून आत गोठत जातं आणि विरघळलेली हवा, क्षार मधे मधे ढकलले जातात. ज्यांना नितळ लादी हवी ते कारखाने डब्यात हवेचे बुडबुडे सोडून पाणी हलतं ठेवतात. वेनहॅमच्या नितळपणाचं गुपितही हेच होतं. तळं फक्त वरून खाली, सावकाश गोठतं, त्यामुळे हवेला खालच्या पाण्यात निसटायला वेळ मिळतो. आणि टेम्पोतून चाललेल्या लादीवर गोणपाट आणि भुसा बघितलात, तर तो मूळचा ट्यूडरचा भुसा.

आजचे बर्फ-कारागीर

स्वीडनमध्ये युक्कासयार्वी नावाच्या गावात १९८९-९० पासून दर हिवाळ्यात बर्फाचं हॉटेल नव्याने बांधलं जातं. टोर्ने नदीतून वसंतात कापलेला बर्फ उन्हाळाभर साठवायचा, थंडीत कलावंतांनी त्यातून खोल्या कोरायच्या, मग सगळं वितळून परत नदीत. कॅनडातल्या क्युबेक शहराजवळही असंच एक हॉटेल आहे. 'फ्रोझन'ची टीम बर्फावर प्रकाश कसा खेळतो हे बघायला तिथेच गेली होती. हे देखणं आहे, पण शेवटी पर्यटन.

लडाखमध्ये पोटाचा प्रश्न आहे. तिथे पेरणीला एप्रिल-मेमध्ये पाणी लागतं आणि हिमनद्या तेव्हा पुरेशा वितळलेल्या नसतात. चेवांग नोर्फेल या इंजिनिअरने ओढ्याचं हिवाळ्यात वाया जाणारं पाणी अडवून, पसरून कृत्रिम हिमनद्या केल्या. सोनम वांगचुक यांनी २०१३-१४ च्या हिवाळ्यात ते पाणी पाइपने आणून कारंज्यासारखं उंच उडवलं. थंड हवेत ते पडता पडता गोठतं आणि शंकूच्या आकाराचा बर्फाचा स्तूप वाढत जातो. शंकू का? कारण त्यात बर्फ भरपूर मावतो आणि उन्हाला तोंड कमी मिळतं. ट्यूडरच्या राशीचं गणित, फक्त शेतीसाठी.

आणि परळांची युक्ती? ती प्रयोगशाळेत परत आलीय. २०१४ मध्ये स्टॅनफर्डच्या आश्वथ रामन, शानहुई फॅन आणि सहकाऱ्यांनी 'नेचर'मध्ये एक पत्रा दाखवला. तो ९७ टक्के सूर्यप्रकाश परतवतो आणि आपली उष्णता नेमक्या अशा किरणांच्या रूपात टाकतो, ज्यांना वातावरण अडवत नाही. भर उन्हात, वीज न वापरता, तो हवेपेक्षा ४.९ अंशांनी थंड राहिला. अलाहाबादला रात्रीच जमत होतं, ते यांनी दिवसा जमवलं. रामन कॅनडात वाढले, पण लहानपणी उन्हाळ्यात आजी-आजोबांकडे मुंबईला यायचे. एसीचा खर्च आणि त्याची बाहेर फेकलेली गरम हवा, दोन्ही कमी करण्यासाठी असे पत्रे छपरांवर वापरायचे प्रयत्न सध्या सुरू आहेत. दोन्ही बाजूंना एसीचे डबे लटकलेल्या गल्लीतून मे महिन्यात ज्याने चालून बघितलंय, त्याला याची गरज पटवून द्यावी लागणार नाही.

तुम्हाला हे स्वतः बघायचं असेल तर वर्कशॉपमध्ये वापरतात तो बंदुकीसारखा इन्फ्रारेड थर्मामीटर मिळवा. कपाळावर धरायचा ताप मोजण्याचा नको, तो एवढं खालचं मोजत नाही. थंडीत गावाकडे, निरभ्र रात्री, तो सरळ वर आकाशाकडे धरा. हवा १२-१५ अंशांवर असताना आकडा शून्याच्या खाली गेलेला दिसेल. मग एखादा ढग डोक्यावर यायची वाट बघा आणि पुन्हा धरा. आकडा झरझर वर चढेल.